दाराबाहेरचे आवाज

ताप, खोकला, मोडलेला पाय यांबद्दल आपण बाहेरच्या खोलीत चहा पीत मोकळेपणाने बोलतो. पाहुण्यांना एक्स-रे काढून दाखवणारेही महाभाग असतात. पण आजार मनाचा असला की सगळं घर स्वयंपाकघरात गोळा होतं, दार लोटून घेतं आणि कुजबुजायला लागतं. वाचकहो, असं किती घरांत चालतं याची मोजदाद कुणी केलेली नाही, कारण विचारायला गेलं तर सांगणार कोण?

अशाच एका तिसऱ्या मजल्यावरच्या घरात आई, मुलगी आणि मुलगा राहत होते. मुलगी थोरली, म्हणून ती ताई. मुलगा चित्रपटांसाठी आवाज रेकॉर्ड करायचा. लहानपणापासून त्याचे कान इतके तिखट, की शेजारच्या घरात दूध उतू गेलेलंही आधी याला कळायचं. म्हणून ताईने त्याचं नाव कानसेन ठेवलं होतं आणि पुढे स्टुडिओतही तेच चिकटलं.

ताईला स्किझोफ्रेनिया होता. हा शब्द त्या घरात कुणी उच्चारत नसे. नातेवाइकांना 'अशक्तपणा आहे' असं सांगून ठेवलं होतं, आणि अशक्तपणा इतकी वर्षं कसा काय टिकतो, हे विचारायच्या भानगडीत कुणी पडलं नव्हतं. औषधं मात्र छान लागू पडली होती. ताई चष्म्याच्या दुकानात अर्धा दिवस काम करायची. फ्रेमचे बारीक स्क्रू बसवणं, वाकलेल्या काड्या सरळ करणं, हे तिचं काम. दुकानदार तिच्या हातावर खूश होता. संध्याकाळी ती आपल्या खोलीत बसून कविता लिहायची.

आणि संध्याकाळीच स्वयंपाकघरात परिषद भरायची. आज ती कमी का जेवली? एकटीच हसली का? गोळी खरंच गिळली ना? आई गॅस बारीक करून विचारायची आणि कानसेन फ्रीजला टेकून उत्तरं द्यायचा. काळजी अगदी खरी होती. दोघांचाही जीव तिच्यात अडकलेला होता, म्हणून तर हे बोलणं चालायचं. अधूनमधून ताई दारात येऊन उभी राहायची.

"माझ्याबद्दल बोलत होतात का?"

"छे गं," आई म्हणायची. "उद्या स्वयंपाकाला काय करायचं, ते बोलत होतो. तुला भास झाला असेल."

ताई मान हलवून परत जायची. गेल्या काही महिन्यांत तिचं असं विचारणं वाढलं, तशी आई धास्तावली. आवाज पुन्हा सुरू झाले म्हणायचे! तिने डॉक्टरांच्या कानावर घातलं आणि डॉक्टरांनी गोळी वाढवली. वाढलेल्या गोळीने ताईचे हात थरथरायला लागले. इवलेसे स्क्रू चिमटीतून निसटून फरशीवर घरंगळायचे. दुकानदार काही बोलला नाही, पण नाजूक फ्रेमा तो हळूहळू दुसऱ्याकडे द्यायला लागला. हे असंच चाललं तर नोकरी जाणार, आणि नोकरी गेली की ताई खोलीत कोंडून घेणार, या विचाराने कानसेन हैराण व्हायचा.

त्याच सुमारास स्टुडिओतल्या एका दिग्दर्शिकेच्या हाती ताईची एक कविता लागली. कानसेनने ती हेडफोनच्या पेटीत घडी करून ठेवली होती. छोटीच होती:

पंखा फिरतो आणि माझ्याबद्दल बोलतो.
नळ फक्त हो म्हणतो.
मी पंखा बंद करते.
आता नळ एकटाच
हो म्हणतोय, पण कुणाला?

दिग्दर्शिका केस पांढरे झालेली, फटकळ बाई होती. तिने कविता पुन्हा पुन्हा वाचली. मग म्हणाली, की आपल्या सिनेमात असा माणूस दाखवायचा म्हटलं की केस विस्कटलेले, डोळे गरागरा आणि हातात सुरी. सगळा बाहेरून पाहिलेला, तोही घाबरून. मला एक छोटा चित्रपट हवाय, आतून पाहिलेला. या कवितांवरच करू. अशा आजाराच्या माणसांना, त्यांच्या घरच्यांना आणि डॉक्टरांना बोलावून दाखवू.

ताईने विचार करायला वेळ घेतला आणि एकाच अटीवर होकार दिला. चित्रपट सगळ्यांत आधी ती बघणार, आणि त्यात जे खोटं असेल ते काढून टाकायचं.

पडद्यावरचं काम एका नटीने सुंदर केलं. घोडं अडलं ते आवाजापाशी. ताईच्या डोक्यातले आवाज ऐकवायचे कसे? कानसेनने आपली सगळी विद्या पणाला लावली. घुमणारे शब्द, फुसफुस, मागून चिरकं संगीत. ताईला ऐकवलं, तर ती डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली.

"अरे, हे भुताचं आहे. माझं नाही. माझे आवाज साधे होते रे. पलीकडच्या खोलीत कुणीतरी आपल्याबद्दल बोलतंय, इतके साधे. साधे होते म्हणून तर मी फसले."

मग त्याने नट बोलावले, नट्या बोलावल्या. त्यांना साधं बोला म्हटलं, की ते साधेपणाचाही अभिनय करायचे. दिग्दर्शिका मान हलवत राहिली आणि दिवस सरत चालले. अशा वेळी माणसाला जे सुचू नये तेच सुचतं. संध्याकाळी स्वयंपाकघरातून परतताना ताईच्या खोलीपाशी कानसेनला कधीकधी तिचं पुटपुटणं ऐकू यायचं. ते मिळालं तर? एकदा ती दुकानात असताना त्याने काडेपेटीएवढा रेकॉर्डर तिच्या कपाटावर, जुन्या बॅगेच्या आडोशाला ठेवून दिला. ती कामावर गेल्यावर दुसऱ्या दिवशी काढून घेतला. चांगल्या कामासाठीच तर आहे, अशी त्याने स्वतःची समजूत घातली.

हे पाप किती मोठं होतं, ते कळायला थोडं मागे जायला हवं. आजार ऐन भरात होता, तेव्हा ताईची खात्री पटली होती की तिच्या खोलीत कुणीतरी माइक लपवलेत. तिने भिंतीच्या भेगांत कापूस कोंबला होता, घड्याळ फोडलं होतं. डॉक्टर, आई, शेजारी, कुणाचंच ती ऐकेना. तेव्हा कानसेनने स्क्रू ड्रायव्हर घेऊन तिच्यासमोर एकेक स्विचबोर्ड उघडला होता. माइक हा माझा धंदा आहे, ताई. असता तर मला सापडला असता. या खोलीत माइक नाही आणि कधी असणारही नाही, माझा शब्द आहे. जगात फक्त त्याच्या त्या शब्दावर विश्वास ठेवून ती दवाखान्याची पायरी चढली होती.

आणि आता त्याच खोलीत, त्यानेच माइक ठेवला होता.

स्टुडिओत बसून त्याने रेकॉर्डिंग आधी साफ केलं. आवाजवाल्यांची ती सवयच असते. हवा तो आवाज ठेवायचा आणि बाकीचा कचरा, म्हणजे पंख्याची घरघर, रस्त्यावरचे हॉर्न, लांबची अस्पष्ट बडबड, पुसून टाकायचा. पुसल्यावर उरला फक्त ताईचा हलका आवाज. मध्ये शांतता, मग एक उत्तर, पुन्हा शांतता.

"घेतली... पाणीसुद्धा प्यायले."

"नाही, तसं काही नाही."

"हो, हसले. त्यात काय झालं?"

कानसेनच्या अंगावर काटा आला. कुणालाही ऐकू न येणाऱ्या कुणाला तरी ती उत्तरं देत होती! दिग्दर्शिकेने डोळे मिटून ऐकलं आणि पुन्हा एकदा लावायला सांगितलं. मग म्हणाली, हेच हवं होतं. हे केलं कुणी? एका नवीन मुलीकडून करून घेतलं, असं त्याने दडपून सांगितलं. दिग्दर्शिकेने त्याची पाठ थोपटली, आणि त्या थापेने त्याला फार वाईट वाटलं.

कारण येत्या रविवारी चित्रपट ताईला दाखवायचा होता. स्वतःचा आवाज ती ओळखणारच. ओळखल्यावर काय? पुन्हा भिंतीत कापूस? पुन्हा दवाखाना? त्याने तिचा आवाज बदलून पाहिला, तर सगळं खोटं वाटायला लागलं. आईला सांगितलं, तर तिची पाचावर धारण बसली. तिने हात जोडले, की बाबा, तिला कळू देऊ नकोस. ओळखलाच तिने, तर भास झाला म्हणून सांग. ताई शेजारून गेली तरी कानसेन दचकायला लागला. ती नुसती कपाटाकडे बघत उभी असली तरी त्याच्या काळजात धस्स व्हायचं.

शेवटी तो गुपचूप ताईच्या डॉक्टरांकडे गेला. मनातून त्याची अशी अपेक्षा होती, की डॉक्टर म्हणतील, अजिबात सांगू नका. तसं झालं की सुटलो. डॉक्टर म्हातारे होते आणि त्यांना मोठ्याने बोलायची सवय होती. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"सांगितलं तर ती पुन्हा आजारी पडेल का?" कानसेनने विचारलं.

"पडू शकते. मी तुम्हाला खोटा धीर देणार नाही. पण न सांगता तिने ओळखलं, आणि तुम्ही म्हणालात की भास झाला, मग काय होईल? अहो, हा आजार माणसाचे डोळे-कान त्याच्यावरच उलटवतो. आम्ही वर्षानुवर्षं खपून तिला शिकवतो, की आवाज आला तर घाबरू नकोस, जवळच्या माणसाला विचार, हा खरा आहे का. ती बिचारी विचारते, आणि जवळचा माणूस खोटं सांगतो. मग आजाराने वेगळं करायचं काय उरलं? त्याचं काम तुम्हीच करून टाकलंत."

"पण आम्ही तिच्या भल्यासाठीच..."

"तिच्या भल्यासाठी की तुमच्या सोयीसाठी?" डॉक्टर म्हणाले. "घरी जा आणि सांगा. ती जे विचारेल त्याचं खरं उत्तर द्या. गोड नको, खरं द्या. दिवसभर माझा फोन चालू आहे."

रविवारी सकाळी ताई पलंगावर बसून धुतलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होती. कानसेनने खुर्ची ओढली आणि एका दमात सगळं सांगून टाकलं. ताईच्या हातातला टॉवेल तसाच राहिला.

"कुठे ठेवला होतास?"

त्याने बोट दाखवलं. ताई उठली, खुर्चीवर चढली आणि कपाटावरून हात फिरवू लागली. बॅग हलवून पाहिली, मागच्या फटीत बोटं घातली. ती थरथरणारी बोटं बघताना कानसेनला वाटलं, झालं, आपण हिला पुन्हा त्याच विहिरीत ढकललं.

"अजून कुठे आहे?"

"कुठेच नाही. एकच होता."

"हे मी कसं मानू?"

पूर्वी त्याच्या शब्दाला किंमत होती, ती त्याने स्वतःच घालवली होती. "मला नाही माहीत, ताई," तो म्हणाला.

ताई खुर्चीवरून उतरली. मग म्हणाली, "ऐकव."

त्याने साफ केलेलं रेकॉर्डिंग लावलं. ताई ऐकू लागली आणि तिच्या कपाळावर आठ्या पडल्या.

"मी कुणाशी बोलतेय असं वाटलं तुला?"

कानसेनने मान खाली घातली.

"आवाजांशी. असंच ना? आणि तुमच्या दोघांचं बोलणं कुठे गेलं?"

"आमचं?"

"मूळ लाव. काही न पुसलेलं."

कानसेनने मूळ रेकॉर्डिंग लावलं आणि आवाज मोठा केला. पंखा घरघरला, एक हॉर्न वाजला, आणि त्यामागे त्याने कचरा म्हणून पुसून टाकलेली ती लांबची बडबड हळूहळू शब्दांत उमटू लागली. आईचा आवाज होता: "आज गोळी घेतली का रे तिने?" लगेच खोलीतून ताईचा हलका आवाज: "घेतली... पाणीसुद्धा प्यायले." मग खुद्द कानसेन: "मला जरा गप्प गप्प वाटतेय. काही बिनसलंय का?" ताई: "नाही, तसं काही नाही." पुन्हा आई: "मघाशी एकटीच हसली बघ." ताई: "हो, हसले. त्यात काय झालं?" आणि शेवटी कानसेनचाच दबका आवाज: "हळू बोल. ऐकेल ती."

शेजारच्या घरातलं दूध ऐकणारा हा कानसेन! स्वतःच्या घरातलं, स्वतःचंच बोलणं त्याला ऐकू आलं नव्हतं. कारण ताई बोलतेय म्हणजे ती आजारातच बोलतेय, हे त्याने ऐकायच्या आधीच ठरवून टाकलं होतं.

"रोज बोलता तुम्ही," ताई म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. "रोज मी इथे बसून स्वतःला विचारते, हा आवाज आतला की बाहेरचा? घाम फुटतो मला. धीर करून स्वयंपाकघरात येऊन विचारते, तर आई म्हणते, भास झाला. म्हणजे मी पुन्हा बिघडले. मग मी डॉक्टरांना तसं सांगते, आई तसं सांगते, आणि गोळी वाढते. माझे आजाराचे आवाज केव्हाच बंद झालेत रे. आता उरलेत ते तुमचे. मी इथून उत्तरं देते, कारण उत्तर दिलं की निदान मला तरी पटतं, की हे बोलणं खरं आहे."

दाराबाहेर कुणीतरी हुंदका दाबला. ताईने तिकडे पाहिलं.

"आई, बाहेर उभी आहेस ना?"

काही क्षण उत्तर आलं नाही. इतक्या वर्षांची सवय एका हाकेत थोडीच सुटते. मग दार हललं आणि पदराने तोंड पुसत आई आत आली. "हो," ती म्हणाली, "मीच होते बाहेर. तुझ्याबद्दलच बोलायचो आम्ही. तुला भास झाला नव्हता गं कधी." एवढं बोलून ती पलंगावर बसली आणि लहान मुलीसारखी रडली. ताईने पलंगावरचा टॉवेल तिला दिला.

लगेच सगळं आलबेल झालं, असं मात्र नाही. पुढे कितीतरी दिवस ताई रोज खुर्ची घेऊन कपाटावर बघायची आणि कानसेन काही न बोलता खुर्ची धरून उभा राहायचा. एकदा तर ती अख्खा दिवस कुणाशी बोलली नाही आणि घरातल्यांचा जीव टांगणीला लागला. पण या वेळी आईने स्वयंपाकघर गाठलं नाही. तिच्या खोलीत जाऊन सरळ विचारलं, की तुला बरं वाटत नाहीये का, डॉक्टरांना फोन करू का? ताईने सांगितलं, बरं नाही, पण फोन नको. तू इथेच बस. डॉक्टरांनी सगळी हकिकत कळल्यावर, नजर ठेवून, वाढवलेला डोस हळूहळू खाली आणला. गोळ्या सुटल्या नाहीत आणि सुटायलाही नकोत. पण हाताचा कंप कमी झाला आणि दुकानदाराने एक नाजूक फ्रेम पुन्हा तिच्यापुढे सरकवली.

दिग्दर्शिकेला कानसेनने खरं सांगितलं, तेव्हा तिने त्याला असं फैलावर घेतलं की ते इथे लिहिण्यासारखं नाही. चोरलेलं रेकॉर्डिंग तिने त्याच दिवशी त्याच्याकडून पुसून घेतलं. त्या जागी काय घालायचं, ते ताईने सांगितलं. स्टुडिओतल्या माइकसमोर आई आणि कानसेन उभे राहिले आणि स्वयंपाकघरात बोलायचे तेच, तसंच बोलले. अभिनय करावा लागला नाही. चित्रपटाच्या शेवटी नटी बंद दाराकडे बघत बसली आहे, बाहेर साधं, प्रेमळ, दबकं बोलणं चाललं आहे, आणि त्यावर ताईच्या स्वतःच्या आवाजात नवी कविता येते:

दाराबाहेर कुणीतरी बोलतंय.
आई असेल,
किंवा आजार असेल.
दोघांना माझी फार काळजी.
आत ये, म्हणते मी.
आत आली, तर ती आई.

ठरल्याप्रमाणे आजारी माणसं, त्यांच्या घरचे आणि डॉक्टर यांना चित्रपट दाखवला. सभागृहात दिवे लागले तेव्हा काही जण डोळे पुसत होते. दिग्दर्शिकेने विचारलं, कुणाला काही बोलायचं आहे का? ताईची ओळख सांगायची नाही असं ठरलं असतानाही ती दिग्दर्शिकेच्या शेजारी जाऊन बसली होती. मधल्या रांगेतले एक गृहस्थ उठले. चांगले कपडे, अदबीचं बोलणं. त्यांनी आवाज खाली आणून विचारलं, "आमच्या मिसेसना हाच त्रास आहे. अलीकडे ती फार गप्प असते. तिच्या मनात काय चाललंय ते कसं ओळखायचं? तुम्ही काही सांगू शकाल?"

त्यांची पत्नी त्यांच्या शेजारच्याच खुर्चीवर, मांडीवर पर्स धरून, खाली मान घालून बसली होती.

ताईने माइक हातात घेतला. हात थोडासा थरथरला, पण माइक निसटला नाही.

"त्या तुमच्या शेजारीच बसल्या आहेत," ती म्हणाली. "त्यांना विचारा ना."

गृहस्थ गोंधळले. आजूबाजूला बघून ओशाळं हसले. मग हळूच खाली बसले, पत्नीकडे वळले आणि अवघडून काहीतरी विचारलं. तिने आधी विश्वास न बसल्यासारखं त्यांच्याकडे पाहिलं, आणि मग ती बोलायला लागली. काय बोलली ते कुणाला ऐकू आलं नाही, आणि ते ऐकण्याचा हक्कही दुसऱ्या कुणाला नव्हता. पण ती बोलत राहिली आणि ते ऐकत राहिले.

वाचकहो, मनाच्या आजाराला औषध लागतं, डॉक्टर लागतात, वेळ लागतो. ते सगळं करायलाच हवं. पण आपल्या हातात एक गोष्ट आहे आणि तिला काही खर्च येत नाही. आपल्या माणसाबद्दल दाराबाहेर बोलणं थांबवू या, आणि त्याने खरं ऐकलं असेल तर भीतीपोटी ते खोटं ठरवायला नको. तो आत एकटा बसून खऱ्या-खोट्याचा निवाडा करत असतो, आणि त्या निवाड्यात त्याला निदान आपल्या शब्दाचा तरी आधार हवा असतो. म्हणून जे बोलायचं ते त्याच्याशी बोला. दार लोटलेलंच असतं, आतून कडी नसते.